चित्रीकरणाचा दिवस हे छायालेखकाच्या कामाचे माप नव्हे: स्वतंत्र निर्माते-दिग्दर्शकांना खुले पत्र

प्रति,
स्वतंत्र चित्रपटांचे निर्माते आणि दिग्दर्शक यांस

सप्रेम नमस्कार.

नव्या चित्रपटासाठी आपण एखाद्या छायालेखकाशी बोलता, कथेचा गाभा सांगता, आणि बोलणे व्यवहारावर आले की पहिला प्रश्न बहुतेक ठरलेला असतो: शूट इतक्या दिवसांचे आहे, तर दिवसाचे किती घ्याल? हा प्रश्न इतका अंगवळणी पडला आहे की तो विचारणाऱ्याला खटकत नाही आणि उत्तर देणाऱ्यालाही खटकत नाही. बरीच वर्षे स्वतंत्र चित्रपटांत कॅमेरा सांभाळल्यावर माझे असे मत झाले आहे की आमच्या व्यवसायाची जी ओढाताण आपणा सर्वांना दिसते, तिचे मूळ पैशाच्या टंचाईत जेवढे आहे त्याहून अधिक या प्रश्नात आहे. छायालेखकाचे काम चित्रीकरणाच्या दिवसांत मोजणे हे मापच चुकीचे आहे. हे पत्र मी संघटनांना किंवा शासनाला न लिहिता आपल्याला लिहीत आहे, कारण मोठ्या स्टुडिओच्या चित्रपटात असे माप ठरवायला संघटना, करार आणि वकील असतात. स्वतंत्र चित्रपटात ते आपण आणि आम्ही समोरासमोर बसून ठरवतो, त्यामुळे ते बदलणेही आपल्या दोघांच्याच हाती आहे.

आपल्याकडे पैसा नसतो हे मला मान्य आहे आणि ते गृहीत धरूनच मी लिहितो आहे. स्वतंत्र चित्रपट बहुतेक वेळा कुणाच्या तरी साठवलेल्या पैशावर, मित्रांच्या उसनवारीवर आणि एखाद्या अनुदानाच्या आशेवर उभा राहतो. त्यात काम करणारा छायालेखक श्रीमंत व्हायला आलेला नसतो. एखादे दृश्य अंधारात ठेवण्याची, नटाचा चेहरा अर्धा झाकोळू देण्याची, शॉट कापण्याची घाई न करण्याची जी मुभा त्याला इथे मिळते, ती जाहिरातीत मिळत नाही. तिथे वस्तू उजळच दिसावी लागते. म्हणून मानधन कमी असण्याबद्दल मी इथे भांडत नाही. जे थोडे पैसे आहेत ते कोणत्या कामाचे म्हणून दिले जातात, यावर ते काम होते की नाही हे ठरते, एवढेच मला दाखवायचे आहे. ज्या कामाचे पैसे कुणी धरलेले नाहीत ते काम हळूहळू वेळापत्रकातूनच गळते, आणि त्याचे नुकसान आमच्या आधी आपल्या चित्रपटाला होते.

आमच्या कामाचा पहिला मोठा भाग कॅमेरा सुरू होण्याआधीच होऊन जातो, निदान तसा तो व्हायला हवा. संहिता वाचायची, कोणते दृश्य कुणाच्या बाजूने पाहायचे ते दिग्दर्शकाबरोबर बसून ठरवायचे, जागेची रेकी म्हणजे आगाऊ पाहणी करायची, आणि तीही सवडीने भर दुपारी न करता ज्या वेळी ते दृश्य घडणार त्या वेळी करायची, कारण पूर्वेच्या खिडकीतून सकाळी भिंतीवर पडणारे ऊन दोन तासांत जमिनीवर उतरलेले असते आणि दुपारी त्याच खोलीत नुसता फिका, दिशाहीन उजेड उरतो. विजेचा किती भार मिळेल, जनरेटर कुठे उभा केला म्हणजे ध्वनिमुद्रकाला त्रास होणार नाही, कलादिग्दर्शकाला ही भिंत दोन छटा गडद करता येईल का, शुभ्र कपड्याऐवजी मळखाऊ पांढरा चालेल का, कोणती लेन्स कोणत्या नटाच्या चेहऱ्याला मानवते, हे सगळे प्रश्न तयारीच्या काळात सुटले तर जवळजवळ फुकट सुटतात. तेच सेटवर सोडवायला घेतले तर अख्खे युनिट उभे ठेवून सोडवावे लागतात, आणि तोपर्यंत ऊन निघून गेलेले असते.

याचे एक उत्तम उदाहरण सत्यजित राय यांचे छायालेखक सुब्रत मित्रा यांचे आहे. 'पथेर पांचाली'चे (१९५५) काम हाती घेतले तेव्हा ते विशीतले होते आणि त्याआधी त्यांनी चलच्चित्राचा कॅमेरा चालवलेला नव्हता. पुढच्या 'अपराजितो'साठी (१९५६) बनारसमधल्या घराचे अंगण स्टुडिओत उभारायचे ठरले, तेव्हा मित्रा यांनी त्याला विरोध केला. वरून मोकळ्या असलेल्या अंगणात आकाशाचा जो उजेड उतरतो तो ठसठशीत सावल्या पाडत नाही, आणि स्टुडिओतल्या दिव्यांनी तो आणता येणार नाही, असे त्यांचे म्हणणे होते. विरोध मानला गेला नाही. मग त्यांनी अंगणाच्या वर पांढरे कापड ताणले, दिव्यांची तोंडे खालून त्या कापडाकडे वळवली, आणि कापडावरून परतलेला उजेड खाली उतरला तो आकाशाच्या उजेडासारखा. परावर्तित प्रकाश ही आज कुठल्याही सेटवरची रोजची गोष्ट आहे. पण असा उपाय निघण्यासाठी छायालेखक, कलादिग्दर्शक आणि दिग्दर्शक यांना एकमेकांशी वाद घालायला वेळ मिळालेला असावा लागतो. दिवसाच्या दराने बोलावलेला माणूस भिंती रंगवून वाळल्यावर येतो. त्याने कुणाशी आणि कशावर वाद घालावा?

ज्या चित्रपटांकडे बोट दाखवून 'बघा, तयारीवाचूनही होते' असे आम्हाला सांगितले जाते, त्यांची हकीकतही नीट पाहावी. फ्रेंच दिग्दर्शक गोदार यांचा 'ब्रेथलेस' (१९६०) रस्त्यावर, कॅमेरा हातात धरून, दिव्यांचा ताफा न आणता केलेला चित्रपट म्हणून प्रसिद्ध आहे. त्याचे छायालेखक राउल कुतार यांनी इल्फर्ड एचपीएस ही स्थिर छायाचित्रणासाठी मिळणारी जलद फिल्म वापरली. ती साडेसतरा मीटरच्या गुंडाळ्यांत येत असे. त्या गुंडाळ्या एकमेकींना जोडून कॅमेऱ्यात भरल्या गेल्या, आणि कमी उजेडात काम भागावे म्हणून प्रयोगशाळेत तिच्यावर वेगळी रासायनिक प्रक्रिया करून घेतली गेली. ती फिल्म कोणत्या कॅमेऱ्याच्या दात्यांवर चालेल आणि एवढ्या थोड्या फिल्मसाठी प्रयोगशाळा वेगळे रसायन वापरायला राजी होईल का, हे आधी पाहिल्यामुळेच पुढे रस्त्यावर मोकळे राहता आले. त्या मोकळेपणाची नक्कल करणारे पुष्कळ झाले. त्याआधीच्या खटाटोपाची नक्कल करणारे फारसे दिसत नाहीत.

कामाचे दुसरे टोक कलर ग्रेडिंगच्या, म्हणजे चित्रित झालेल्या दृश्यांचे रंग आणि उजेड शेवटी ठरवण्याच्या, खोलीत आहे, आणि तिथे परिस्थिती तयारीच्या टोकापेक्षाही वाईट आहे. फिल्मच्या काळात प्रयोगशाळेत बसून प्रिंटमधले लाल, हिरव्या आणि निळ्या प्रकाशाचे प्रमाण ठरवता येत असे. त्यापलीकडे जे निगेटिव्हवर उमटले ते उमटले. रॉजर डीकिन्स यांनी चित्रित केलेला 'ओ ब्रदर, व्हेअर आर्ट दाऊ?' (२०००) हा आरंभापासून शेवटपर्यंत डिजिटल पद्धतीने ग्रेड झालेल्या पहिल्या मोठ्या चित्रपटांपैकी एक; त्यातली हिरवीगार झाडी ग्रेडिंगमध्ये सुकलेल्या पिवळ्या रंगाची केली गेली. त्यानंतर काही वर्षांतच ही पद्धत सर्वत्र रूढ झाली. आता त्या खोलीत चेहऱ्याची एकच बाजू उजळता येते, आकाशाचा रंग बदलता येतो, चौकट आत घेऊन शॉटची रचनाही बदलता येते. सेटवर आम्ही जे ठरवतो त्यातले पुष्कळसे तिथे पुन्हा ठरते. आणि नेमके तेव्हा छायालेखक हजर नसतो, कारण संकलन लांबलेले असते, मग एखाद्या महोत्सवाची प्रवेशिकेची तारीख अंगावर येते, मग कलरिस्ट, म्हणजे ग्रेडिंग करणारा तंत्रज्ञ, ज्या आठवड्यात मोकळा मिळेल त्या आठवड्यात ग्रेडिंग उरकले जाते, आणि छायालेखक त्या आठवड्यात दुसऱ्या कुणाच्या तरी सेटवर पोटापाण्याचे काम करत असतो. त्याला सवलतीने बोलावले तरी प्रवास त्याचा, वेळ त्याचा आणि बुडालेली रोजी त्याचीच.

माझ्या एका चित्रपटात, संवादांपेक्षा श्वास ऐकू यावेत म्हणून दिग्दर्शकाच्या संमतीने आम्ही एक अख्खा प्रसंग जवळजवळ अंधारात ठेवला होता. ग्रेडिंगमध्ये तो 'नीट दिसत नाही' म्हणून उजळला गेला. उजेड वाढताच सावलीत दडवलेल्या वायरी आणि स्टँड दिसू लागले, आणि ते पुसून काढायला व्हीएफएक्सचा, म्हणजे संगणकावरच्या दुरुस्तीचा, जो खर्च आला तो मला आठवडाभर त्या खोलीत बसवण्याच्या खर्चापेक्षा जास्त होता. निर्माता माणूस प्रामाणिक होता. त्याच्या अंदाजपत्रकात माझ्यासाठी त्या खोलीचा रकाना नव्हता, म्हणून मला विचारावे हे कुणाच्या मनातच आले नाही.

शिवाय ग्रेडिंग एकदा करून संपत नाही. चित्रपटगृहातल्या डिजिटल प्रक्षेपणासाठी पडद्याची प्रमाण उजळता प्रति चौरस मीटर ४८ कॅन्डेला धरलेली आहे. घरातला टीव्ही, विशेषतः उजेड-अंधाराचा मोठा पल्ला दाखवणारा एचडीआरचा, त्याच्या कितीतरी पट उजळ होऊ शकतो, आणि तो दिवे लावलेल्या खोलीत पाहिला जातो. फोनची तर गोष्टच वेगळी. एका ठिकाणी जो अंधार खोल वाटतो तो दुसऱ्या ठिकाणी नुसता काळा ठिपका होतो. प्रत्येक मास्टरसाठी, म्हणजे त्या त्या पडद्यासाठीच्या अंतिम प्रतीसाठी, हा तोल नव्याने साधावा लागतो आणि तो कशासाठी साधायचा हे माहीत असलेली माणसे दोनच असतात, दिग्दर्शक आणि छायालेखक.

दिवस हे माप धरल्याने तयारी आणि ग्रेडिंग ही दोन्ही टोके कापली जातात. पण मधला भाग तरी सुरक्षित राहतो का? तोही राहत नाही. दर दिवसाचा ठरला आणि तास ठरले नाहीत की दिवस फुगायला लागतो. पंचवीस दिवसांचे काम अठरा दिवसांत बसवले की कागदावर खर्च वाचतो, पण काम तेवढेच राहते, आणि ते उरलेल्या दिवसांच्या रात्रींत शिरते. याचा हिशेब कॅमेरा विभागाने जिवाने चुकवलेला आहे. १९९७ साली 'प्लेझंटव्हिल' या चित्रपटाचे दुसरे सहायक कॅमेरामन ब्रेंट हर्शमन १९ तासांचा दिवस संपवून गाडीने घरी जात असताना अपघातात गेले. गाडी चालवतानाच त्यांना झोप लागली होती. तो स्टुडिओचा चित्रपट होता आणि तिथे संघटनाही होती. ज्येष्ठ छायालेखक हॅस्केल वेक्सलर यांनी पुढे कामाच्या तासांवर आणि झोपेवर २००६ साली माहितीपट केला, त्याला हेच निमित्त झाले. २१ ऑक्टोबर २०२१ रोजी 'रस्ट' या कमी खर्चाच्या वेस्टर्नच्या सेटवर छायालेखिका हॅलिना हचिन्स, वय ४२, तयारी सुरू असताना सुटलेल्या गोळीने मरण पावल्या. त्या बंदुकीत खरी गोळी कशी आली हा न्यायालयापुढचा विषय झाला आणि त्यावर इथे बोलणे गैर होईल. पण त्याच चित्रपटाच्या कॅमेरा विभागातले अनेक जण कामाच्या परिस्थितीचा निषेध करून त्याआधी काही तासच सेट सोडून गेले होते, हे आपल्यापैकी प्रत्येकाने लक्षात ठेवावे असे मला वाटते. कॅमेरा विभाग सेटवर सर्वांत आधी येतो आणि सर्वांत शेवटी आवरून निघतो. थकवा कुठे धोक्याचा झाला आहे हे त्याला आधी कळते. त्याची तक्रार म्हणजे नखरे, असे समजण्याची रीत सोडावी.

संपायची वेळ नसलेल्या दिवसाने कोण बाहेर पडते हेही पाहण्यासारखे आहे. छायालेखनाचे ऑस्कर १९२९ च्या पहिल्या सोहळ्यापासून दिले जाते. त्यासाठी एका स्त्रीचे नामांकन प्रथम झाले ते २०१८ साली, 'मडबाउंड'च्या छायालेखिका रेचल मॉरिसन यांचे. त्याची कारणे अनेक आहेत आणि सगळी तासांत शोधू नयेत. तरीही घरी लहान मूल किंवा आजारी माणूस असलेल्या कुणालाही, मग ती स्त्री असो वा पुरुष, 'आज कधी सुटू ते सांगता येत नाही' या बोलीवर वर्षानुवर्षे काम करता येत नाही. मॉरिसन यांचे नाव लोकांना कळले ते 'फ्रुटवेल स्टेशन' (२०१३) या सुपर १६ फिल्मवर केलेल्या स्वतंत्र चित्रपटामुळे. नव्या माणसाला आत घेणारे दार स्वतंत्र चित्रपटाचेच असते. म्हणून त्या दाराशी कसले तास लावले आहेत याला जास्त महत्त्व आहे.

कॅमेऱ्याच्या मालकीबद्दल थोडे सविस्तर लिहितो, कारण इथे आपल्या आणि आमच्या दोघांच्याही समजुतीत घोळ आहे. दराबरोबरच 'कॅमेरा तुमचाच आहे ना?' असे विचारले जाते आणि होकार मिळाला की कॅमेऱ्याचे भाडे त्या दिवसाच्या दरातच विरघळून जाते. त्यामुळे तरुण छायालेखक कर्ज काढून कॅमेरा घेतो, कारण त्याच्याशिवाय काम मिळत नाही असे त्याला दिसते. २००७ साली रेड वन हा डिजिटल कॅमेरा बाजारात आला, २००८ साली कॅननचा फाइव्ह-डी मार्क टू आला, २०१० साली ॲरीचा अलेक्सा आला; अवघ्या तीन वर्षांत स्वतंत्र चित्रपटासाठी कोणता कॅमेरा चालेल याचे उत्तर पुनःपुन्हा बदलले आणि पुढेही ते बदलतच राहिले. कर्जाचे हप्ते मात्र जुन्याच कॅमेऱ्याचे चालू राहतात. कॅमेरा पाण्यात पडला तर विमा कुणाचा, हा प्रश्न पाण्यात पडल्यावरच निघतो. यात गुणवत्तेचा तोटा असा की हळूहळू निवड छायालेखकाची होण्याऐवजी त्याच्या पेटीची होते. छायालेखिका एलन कुरास यांना अमेरिकेतल्या सनडान्स महोत्सवाचा छायालेखनाचा पुरस्कार तिसऱ्यांदा मिळाला तो २००२ साली 'पर्सनल व्हेलॉसिटी'साठी, आणि तो चित्रपट मिनी डीव्ही या छोट्या टेपवर चालणाऱ्या कॅमेऱ्यावर झाला होता. 'टँजरीन' (२०१५) आयफोन ५एस वर, पुढे चित्र रुंद करणारी एक छोटी ॲनामॉर्फिक काच बसवून चित्रित झाला. या दोन्ही ठिकाणी कॅमेऱ्याची मर्यादा ओळखून दृश्ये रचली गेली. ती ओळख माणसाकडे असते, आणि तिच्यासाठी पैसे द्यायचे तर ते कॅमेऱ्याच्या भाड्यापासून वेगळे दिसले पाहिजेत.

दोन चित्रपटांच्या मधल्या काळाबद्दल आपण फारसे बोलत नाही. दिग्दर्शक बॅरी जेन्किन्स आणि छायालेखक जेम्स लॅक्स्टन हे फ्लोरिडा स्टेट विद्यापीठातल्या चित्रपट-शिक्षणापासूनचे सहकारी. त्यांचा 'मेडिसिन फॉर मेलन्कली' २००८ साली आला आणि 'मूनलाइट' २०१६ साली. मधल्या आठ वर्षांत दिग्दर्शक पुढच्या चित्रपटाचा पैसा जुळवत असतो. छायालेखकाला त्या वर्षांत इतरांची कामे करावीच लागतात. जाहिराती, माहितीपट, कंपन्यांच्या फिल्म्स, समारंभ, मालिकेचे दुसरे युनिट. यात कमीपणा काहीच नाही. घाईत प्रकाशयोजना करण्याचा हात तिथेच बसतो. अडचण तारखांची होते. ज्या कामाची बांधिलकी फक्त चित्रीकरणाच्या दिवसांपुरती आहे त्याचे वेळापत्रक सरकले की छायालेखकाला एकतर आधी दिलेला शब्द मोडावा लागतो किंवा आपला चित्रपट सोडावा लागतो. 'डेज ऑफ हेवन'च्या (१९७८) चित्रीकरणात असेच झाले, तेही स्टुडिओचा पैसा पाठीशी असताना. वेळापत्रक लांबले, छायालेखक नेस्टर अल्मेंद्रोस यांना दिग्दर्शक त्रूफो यांच्या चित्रपटासाठी आधी दिलेल्या तारखांमुळे जावे लागले, उरलेला मोठा भाग हॅस्केल वेक्सलर यांनी पूर्ण केला, आणि ऑस्कर एकट्या अल्मेंद्रोस यांना मिळाले. वेक्सलर यांचे नाव 'अतिरिक्त छायालेखन' म्हणून आले. अल्मेंद्रोस यांनी आखून दिलेली शैली वेक्सलर यांनी इमानाने सांभाळली, म्हणून तो चित्रपट एकसंध दिसतो. प्रत्येक चित्रपटाला असा बदली माणूस मिळत नाही.

श्रेयाबद्दल मी थोडक्यात लिहितो, कारण आपल्यापैकी बहुतेक जण त्यात उदार असतात. दिग्दर्शक ऑर्सन वेल्स यांनी 'सिटिझन केन'मध्ये (१९४१) आपल्या नावाच्याच पाटीवर छायालेखक ग्रेग टोलँड यांचे नाव घातले. त्याला एक पैसाही लागला नाही. चित्रपट चालला तर मिळकतीतला वाटा हा विषय मात्र अवघड आहे. 'दास बूट'चे (१९८१) छायालेखक योस्ट वाकानो यांनी चित्रपटाच्या प्रचंड कमाईच्या मानाने आपला मोबदला अन्याय्य ठरतो, अशी भूमिका घेऊन जर्मनीत न्यायालयीन लढा दिला. २०११ साली तिथल्या सर्वोच्च दिवाणी न्यायालयाने कमाईची माहिती मागण्याचा त्यांचा हक्क मान्य केला, आणि त्यानंतरही प्रत्यक्ष मोबदल्यासाठी ते कितीतरी वर्षे भांडत राहिले. जर्मन कायदा छायालेखकाला चित्रपटाच्या कलाकृतीचा सहकर्ता मानतो म्हणून हे होऊ शकले. सगळीकडे तसे नाही. म्हणूनच मानधनाचा काही भाग पुढे ढकलायचा असेल तर 'चित्रपट विकला गेल्यावर बघू' एवढ्यावर न थांबता कोणत्या रकमेनंतर, कुणाच्या आधी आणि हिशेब कोण दाखवणार, हे तीन प्रश्न लेखी सोडवावेत.

त्याहून रोजच्या जिव्हाळ्याची गोष्ट शोरीलची, म्हणजे निवडक कामाच्या नमुन्याची, आहे. पुढचे काम मागचे काम दाखवूनच मिळते. पण महोत्सवातला पहिला खेळ होईपर्यंत एकही दृश्य बाहेर दाखवायचे नाही, असा दंडक असतो, आणि तो खेळ दोन वर्षे होत नाही, कधी कधी होतच नाही. एवढा काळ छायालेखकाचे सर्वांत चांगले काम कुणाच्या तरी हार्ड डिस्कवर पडून राहते आणि तो जुन्या दृश्यांवर नवे काम मागत फिरतो. ग्रेड झालेली दोन-तीन मिनिटे, पासवर्ड लावून, ज्या दिग्दर्शकाशी बोलणी चालू आहेत त्यालाच दाखवायची परवानगी दिली तर आपल्या चित्रपटाच्या नवलाईला धक्का लागत नाही.

आता माझी मागणी. एकूण रक्कम वाढवा असे मी म्हणत नाही. तीच रक्कम तीन भागांत मांडा: तयारी, चित्रीकरण आणि ग्रेडिंग. वीस दिवसांच्या चित्रीकरणाला दहा दिवसांची तयारी आणि पाच दिवसांचे ग्रेडिंग धरले तर दिवसाचा आकडा अर्थातच लहान दिसेल. मला तो चालेल, आणि माझ्या ओळखीच्या पुष्कळांना चालेल, कारण मग ती पस्तीस दिवसांची हजेरी हक्काची होते आणि त्या तारखांना आम्ही दुसरीकडे शब्द देत नाही. चित्रीकरणाचा दिवस प्रवासासह बारा तासांचा धरावा आणि दोन दिवसांमध्ये किमान अकरा तासांची सुट्टी असावी. हे छायालेखकापुरते न ठेवता फोकस पुलर (फोकस सांभाळणारा सहायक), गॅफर (दिव्यांचा प्रमुख) आणि लाइट उचलणाऱ्या शेवटच्या माणसापर्यंत लागू असावे, कारण आपण आम्हाला 'तुमची टीम घेऊन या' म्हणता तेव्हा त्यांच्या तासांची जबाबदारीही आमच्या गळ्यात पडते आणि अधिकार मात्र मिळत नाही. कॅमेऱ्याचे भाडे आणि विमा वेगळ्या ओळीत लिहावा, आकडा कितीही छोटा असो. वीस दिवसांत बसत नसलेली संहिता वीस दिवसांत बसवण्याआधी छायालेखकाला विचारावे; कोणती तीन दृश्ये एकाच जागी, एकाच उजेडात उरकता येतील हे तो बहुधा आपल्याआधी सांगेल.

उलट बाजूने आपणही आमच्याकडे मागणी करावी. जाहिरातीचे मोठे काम आले म्हणून तारखा फिरवणारे, रेकीला सहायक पाठवून स्वतः थेट सेटवर उगवणारे आणि दिग्दर्शकाच्या चित्रपटात आपल्या शोरीलसाठी देखणे शॉट घुसडणारे छायालेखक आमच्यात आहेत. तयारीचे पैसे घेतले तर तयारीला हजर राहणे बंधनकारक असावे, आणि न राहिल्यास ते कापून घ्यावेत, हेही त्याच करारात लिहावे.

ही कलमे मी माझ्या अलीकडच्या करारांत घालू लागलो आहे आणि ज्यांना हवी असतील त्यांना त्यांचा मसुदा द्यायला तयार आहे. काही निर्मात्यांनी ती जशीच्या तशी मान्य केली. सर्वाधिक हरकती आल्या त्या ग्रेडिंगच्या तारखेची आगाऊ सूचना देण्याच्या कलमावर: मी एकवीस दिवसांची सूचना मागतो, निर्मात्यांना ती फार वाटते, कारण महोत्सवांची उत्तरे त्याहून उशिरा येतात, आणि चालू सेटवरून निघायला आम्हाला तीही अपुरी पडते. या मुदतीवर आपल्याला काय जमेल, आणि ती पाळता आली नाही तर दुरून, प्रमाणित मॉनिटर लावून ग्रेडिंग पाहण्याचा खर्च कुणी उचलावा, याबद्दल आपली मते लेखी कळवावीत, ही विनंती.

आपला,
स्वतंत्र चित्रपटांत काम करणारा एक छायालेखक